दारात आडवं पडलेलं झाड

आपल्या नातवाला, रेजिसला, जनाची नाही आणि मनाचीही नाही, हे मायलिसचं सकाळपासून तीनदा सांगून झालं होतं. एकदा चुलीला, एकदा मांजराला आणि एकदा कोलेतला. तिघांपैकी कुणीच "हो" म्हटलं नव्हतं, म्हणून ती आता चौथ्यांदा सांगत होती.

"अख्खं कास्तेलपुय गाव दारात उभं आहे. पोरांनी रानातून पाइन तोडला, सोलला, शेंड्याला झेंडे बांधले, गाडीवर घालून आणला. आणि हा पस्तीस वर्षांचा घोडा मक्याच्या कोठारात दार लावून बसलाय! पुयोच्या घरात वेडे झालेत, दारुडे झालेत, एक तर पाद्रीसुद्धा झालाय. पण दारात मान आला आणि आत लपून बसला, असा एकही झाला नाही."

"मेमे, कणीक," कोलेत म्हणाली. घरातली नातवंडं आणि ही नातसून आजीला 'मेमे' म्हणत.

दोघी स्वयंपाकघरातल्या लांब टेबलाच्या दोन बाजूंना उभ्या होत्या. टेबलावर चादर, चादरीवर कणकेचा गोळा, आणि तो मुठींच्या मागच्या बाजूने हळूहळू ताणत चारी कडांपर्यंत न्यायचा. इतका पातळ, की खालच्या चादरीवरची निळी रेघ दिसली पाहिजे. मग त्यावर सफरचंद आणि आर्मान्याक ब्रँडी. हे काम दोन बायांचं. एकदा ताणायला घेतली की थांबता येत नाही. थांबलं की वाळते, वाळली की फाटते. त्यामुळे मायलिसला रागाने चालतं व्हायची सोय नव्हती. एक्याऐंशी वर्षांची होती, कंबर धरलेली होती, पण मुठी अजून लोण्यासारख्या चालत.

कास्तेलपुयमध्ये मे महिन्यात कुणाच्या दारी मानाचं झाड रोवायचं ठरलं, की त्या माणसाने दोन कामं करायची. खड्ड्यात पहिली मूठ माती आपल्या हाताने टाकायची, आणि आलेल्या सगळ्यांना जेवू घालायचं. दुसरं काम मायलिसने गेले चार दिवस केलं होतं. मागच्या अंगणात निखाऱ्यावर बदकांची हृदयं सळयांना टोचून भाजायला लागली होती, शतावरीची ऑम्लेटं व्हायची होती, तुर्सानच्या वाइनचं पिंप उघडलेलं होतं. पहिलं काम ज्याचं, तो मात्र कोठारात.

बावन्न साली नोटरीच्या दारी असंच झाड नेलं होतं. गावाशी त्याचं काही बिनसलं होतं. ताप आलाय म्हणून त्याने दार उघडलं नाही आणि झाड आलं तसं परत गेलं. नोटरी मेला, त्याची मुलं पॅरिसला गेली, घर दोनदा विकलं गेलं. तरी गाव आजही त्याला 'ताप आलेलं घर' म्हणतं.

फेर्नां घाईघाईने आत आला. मायलिसचा थोरला, अठ्ठावन्न वर्षांचा, गावच्या रग्बी क्लबचा अध्यक्ष. गळ्यात क्लबचा टाय, आणि टायच्या वर घामाने निथळलेला चेहरा.

"आई, तो ऐकत नाही. बँडवाल्यांनी तेच गाणं तिसऱ्यांदा वाजवलं. लोक विचारायला लागलेत."

"मग सांग त्यांना, ताप आलाय!"

"आई!"

"दाराबाहेरून कशाला बोलतोस त्याच्याशी? बाप आहेस ना? दार तोड."

"एकेचाळीस वेळा देशाकडून खेळलेला माणूस आत बसलाय," फेर्नां म्हणाला. "मी दार तोडलं तर तो मला तोडेल. म्हणतो, पाटीवरचं नाव बदला, मग येतो."

झाडाच्या मधोमध बांधायची पाटी शाळेतल्या मुलांनी रंगवली होती: 'आमच्या कप्तानाला मान.' खाली रेजिसचं नाव आणि देशाच्या संघाचं चिन्ह म्हणून एक कोंबडा, जो थोडा कोंबडीसारखा झाला होता.

"बदलून काय लिहायचं म्हणे?"

फेर्नांने एकदा कोलेतकडे पाहिलं, मग जमिनीकडे. "नोएल."

कोलेतच्या मुठी कणकेखाली क्षणभर थांबल्या. नोएल म्हणजे तिचा नवरा, रेजिसचा थोरला भाऊ. आई, ओदेत, गेल्यापासून या घराची आठशे बदकं, दोन ट्रॅक्टर आणि मायलिसची जीभ सांभाळणारा.

"ताण, ताण. वाळेल," मायलिस म्हणाली. "नोएलचं काय मध्येच?"

"शुक्रवारच्या जेवणात शहरातल्या क्लबचा तो म्हातारा कास्तेरा बोलला ना, ते याच्या डोक्यात बसलंय."

शुक्रवारी शहरातल्या मोठ्या क्लबने रेजिसला निरोपाचं जेवण दिलं होतं. डॉक्टरांनी मानेचे दोन मणके दाखवून 'आता पुरे' म्हटल्यावर तो खेळातून निवृत्त झाला होता. तीनशे माणसं होती. मायलिसही होती, मानाच्या खुर्चीत. पण तिथल्या आचाऱ्याने बदक इतकं कोरडं करून ठेवलं होतं, की शेजारच्या बाईला ते समजावून सांगण्यात तिची सगळी भाषणं ऐकायची राहिली. नोएल गेलाच नव्हता. विक्रीआधी भरवणीवर घेतलेल्या बदकांना रोज दोन वेळा मका भरवावा लागतो; बदकांना निरोपसमारंभ कळत नाहीत.

"काय बोलला कास्तेरा?"

"विनोद होता, आई. सगळे हसले. मीपण हसलो."

"तू तर अंत्यविधीलाही हसतोस. बोलला काय?"

फेर्नांने रुमालाने मान पुसली. "तू त्यालाच विचार."

तो बाहेर पळाला. कणीक कडेला पोचली होती. टेबलाच्या चारी बाजूंनी ती झिरझिरीत लोंबत होती, कुठेही भोक नाही. एरवी मायलिसने दोन पावलं मागे जाऊन ती पाहिली असती. आज तिने ॲप्रनला हात पुसले.

"बसू दे की त्याला तिथे," कोलेत म्हणाली. आवाज साधा होता, म्हणून जास्त टोचला. "सोळा वर्षांत या घरात पहिल्यांदा कुणीतरी नोएलचं नाव पाटीवर घालायचं म्हणतंय. मला तर बाई बरं वाटलं."

"तुझ्या नवऱ्याला काय कमी केलंय आम्ही? थोरला आहे. घर त्याचं, जमीन त्याची."

"हो ना. आणि बदकंपण त्याचीच. टीव्हीवर मॅच असली की तुम्ही सगळे समोर, आणि शेवटच्या दहा मिनिटांत तो उठून जातो, कारण पाच वाजले. सोळा वर्षांत त्याने एकाही मॅचचा शेवट पाहिला नाही, मेमे. एकाही."

मायलिसही मॅच पाहत नसे. ती टीव्हीकडे पाठ करून शेंगा सोलत बसे. आपण पाहिलं की पोराला लागतं, असा तिचा पक्का अनुभव होता. वेल्समध्ये रेजिसची भुवई फाटली आणि मैदानाच्या कडेलाच टाके घालून तो परत आत धावला, ते तिने एकदाच चुकून वळून पाहिलं होतं. न्यूझीलंडच्या दौऱ्यात, तिथे मध्यरात्र की पहाट देव जाणे, हरून परतणाऱ्या आपल्या पोराला परक्या लोकांनी उभं राहून टाळ्या दिल्या, त्याही तिने पाठीनेच ऐकल्या. दोनदा त्याने देशाच्या अजिंक्यपदाची लाकडी ढाल जिंकली आणि दोन्हीदा ती गावात आणली. दुसऱ्यांदा तर लोकांनी त्या ढालीवरच सॉसेज कापलं. त्या रात्री मायलिसने मेणबत्ती लावून देवाला म्हटलं होतं, की पुयोच्या घराला आता आणखी काही नको, आहे ते पुष्कळ झालं. देवाकडे असं बोलणारी ती बाई नव्हती. ती त्याच्याकडे बहुधा तक्रारी नेत असे.

नोएल मॅचच्या शेवटी उठून जातो, हे मात्र तिच्या पाठीला कधी कळलं नव्हतं.

काठी घेऊन ती मागच्या दाराने निघाली. कोलेत, हाताला पीठ तसंच, तिच्या मागून.

कोठाराच्या दारावर मायलिसने काठीने दोन ठोके दिले. "उघड. मी आहे. मला तोडता येणार नाही तुला, मी आधीच मोडलेली आहे."

आतून कडी निघाली. रेजिस मक्याच्या पोत्यांवर परत जाऊन बसला. एवढा मोठा देह, फुलकोबीसारखे चुरगळलेले कान, तीनदा मोडलेलं नाक. पण बसला होता शाळेतून हाकललेल्या मुलासारखा.

"बोल," मायलिस म्हणाली.

"मेमे, तू जा. नाव बदला, मी माती टाकायला येतो. नोएलच्या झाडाला टाकतो."

"नोएलने काय केलंय? सोळा वर्षं बदकं भरवली. बदकं भरवणाऱ्याला झाड रोवतात का कुठे?"

"तेच तर!" तो ओरडला, आणि लगेच मान धरली, कारण ओरडलं की मणके दुखत. "कास्तेरा काय म्हणाला ऐकलंस? तीनशे लोकांसमोर म्हणाला, 'आम्ही पुयोच्या तीन नंबरवाल्या पोराला बोलावलं होतं. मागवला बैल, आणि स्टेशनवर उतरला कोंबडा! पण काय कोंबडा निघाला!' लोक टेबलं बडवून हसले. तीन नंबर कोण होता, मेमे?"

तो कोण, हे मायलिसला माहीत होतं. बोलावणं आलं त्या साली गावच्या संघात रेजिस दोन नंबरला खेळे, स्क्रमच्या, म्हणजे खांद्याला खांदे अडकवून समोरच्यांना रेटणाऱ्या गड्यांच्या, पहिल्या ओळीत मधोमध. त्याच्या उजव्या हाताला, तीन नंबरला, नोएल.

"मी गेलो तेव्हा एकोणीस वर्षांचा होतो," रेजिस म्हणाला. "प्लॅटफॉर्मवर कास्तेरा माझ्या मागे बघत राहिला. मला वाटलं, सामान बघतोय. तो नोएलला शोधत होता! पत्र नोएलला आलं होतं. मी त्याच्या जागेवर सोळा वर्षं खेळलो. एकेचाळीस मॅच, कप्तानपद, सगळं. आणि आता त्याच्याच दारात माझ्या नावाचं झाड?"

"खोटं बोलतो तो कास्तेरा. पत्र मी ऐकलंय. 'धाकट्याला पाठवा' असं होतं त्यात. नोएलनेच वाचून दाखवलं मला."

मायलिस दहाव्या वर्षी शाळेतून निघाली ती थेट बदकांमागे. तिला स्वतःचं नाव लिहिता येई आणि बाजारातले भाव वाचता येत. घरात येणारी पत्रं दुसऱ्याच्या तोंडून यायची, आणि इतकी वर्षं त्यात काही वावगं आहे असं तिला वाटलं नव्हतं.

"नोएलने वाचलं?" रेजिसने हळूच विचारलं.

तेवढ्यात नोएल दारात आला. खांद्यावर रिकामं पोतं, पायात रबरी बूट. तिघांना पाहून तो थबकला. "मला मका हवाय," तो म्हणाला, जणू दुसऱ्याच्या घरात आलाय.

"नोएल, त्या पत्रात काय होतं?"

"कुठल्या?"

"गाढवा, या घरात आयुष्यात एकच पत्र आलंय ज्याच्यावर कुणी भांडेल!"

नोएलने पोतं खाली ठेवलं. त्याची घडी घातली. घडीची परत घडी घातली.

"तीन नंबर होतं," तो म्हणाला.

बाहेर बँडने चौथ्यांदा तेच गाणं धरलं. कुणीतरी हसलं, कुणाचा तरी पेला फुटला.

"मग मला 'धाकटा' का वाचून दाखवलंस?"

"मेमे, जाऊ दे ना."

"का?"

"तू चुलीपाशी होतीस म्हणून." नोएल तिच्याकडे न बघता बोलत होता. "मी पाकीट फोडलंही नव्हतं. तू म्हणालीस, 'शहरवाले पोरं न्यायला लागलेत. थोरल्याला नेत असतील तर वाचूसुद्धा नकोस, दे इकडे. थोरला घर सोडत नसतो.' आणि पत्र चुलीत घालायला चिमटा पुढे केलास. माझ्या हातात पत्र, तुझ्या हातात चिमटा. मी मनात वाचलं. आपल्या घरातून एकाला जाता येणार होतं. खरं वाचलं असतं तर एकही गेला नसता. म्हणून म्हटलं, धाकटा."

मायलिसला तो चिमटा आठवला. लांब दांड्याचा, एक पाय वाकडा. आणखी काही आठवायचं तिने नाकारून पाहिलं, पण ते येतच राहिलं: ज्वाळा, आपला पुढे केलेला हात, आणि बावीस वर्षांच्या नोएलचा जरासा लांबलेला श्वास. तो श्वास तिला तेव्हा अक्षर लागत नसल्याचा वाटला होता.

"तुला जायचं होतं?" हे विचारलं कोलेतने.

"तीन दिवस होतं," नोएल म्हणाला. "तीन दिवस डोळा लागला नाही. चौथ्या दिवशी चारशे पिल्लं अंड्यांतून बाहेर आली, मग जागं राहायला दुसरं कारण मिळालं." तो ओशाळं हसला. "खोटं कशाला बोलू. रेडिओवर पहिल्यांदा याचं नाव घेतलं ना, तेव्हा मी इथे येऊन रडलो. आनंदाने की कशाने, ते मला अजून माहीत नाही. दुसऱ्या मॅचपासून मात्र नुसता आनंद. आणि त्याच सप्टेंबरात कापणीच्या नाचात ही भेटली. गेलो असतो तर हिने बेकरीवाल्याशी लग्न केलं असतं."

"केलंच असतं," कोलेत म्हणाली. डोळे पुसताना गालाला पीठ लागलं. "आणि सकाळी आठपर्यंत झोपले असते. सोळा वर्षं मी या लोकांवर मनातल्या मनात दात खातेय, की माझ्या नवऱ्याला यांनी दावणीला बांधलं. आणि दावं यानेच गळ्यात घालून घेतलेलं! मला सांगितलं का नाहीस, बैला?"

"तू मेमेला सांगितलं असतंस."

"त्याच दिवशी!"

रेजिस उठला होता. भावासमोर उभा राहिला, पण हात कुठे ठेवावेत ते त्याला समजेना. "नोएल, प्रत्येक मॅचला, स्क्रममध्ये डोकं घालताना, मी उजव्या हाताने तुझा खांदा शोधायचो. एकेचाळीस वेळा. दरवेळी दुसऱ्याचाच लागायचा. मला कळायचं नाही, की मला हे असं परक्यासारखं का वाटतं. आता कळलं. जागा माझी नव्हतीच. मी नाही येत बाहेर. तुझं तू घे."

"मला झाड नकोय रे! मला तिथे उभं केलं तर मी मरेन लाजेने."

"मग राहू दे ते आडवंच."

दारात फेर्नां धापा टाकत उभा राहिला. टाय एव्हाना खिशात गेला होता. "आई, पोरं गाडी वळवायला लागली. झाड परत नेतायत."

"त्यांना आणखी वाइन दे."

"संपली!"

"मग पाणी दे! जा!" पण फेर्नां गेला नाही, आणि बरंच झालं, कारण पुढचं त्याने ऐकलं नसतं तर त्याला कुणी सांगून पटलं नसतं.

मायलिस काठी टेकत नोएलपाशी गेली. तो तिच्यापेक्षा दीड हात उंच होता. तिने त्याची बाही ओढून त्याला खाली वाकवला.

"नोएल, मी चुकले," ती म्हणाली.

फेर्नांचं तोंड उघडं पडलं. अठ्ठावन्न वर्षांत हे दोन शब्द त्याने आईच्या तोंडून ऐकले नव्हते. बापाच्या मृत्यूशय्येपाशीसुद्धा नाही, जिथे त्यांची बरीच गरज होती.

"थोरल्याने घर सोडायचं नाही, हा नियम माझ्या सासूचा, तिच्या सासूचा. पण चिमटा माझ्या हातात होता. तू माझ्या हट्टाच्या तावडीतून या घरासाठी एवढं वाचवून ठेवलंस आणि मला कळूही दिलं नाहीस. सोळा वर्षं मी गावभर नाक वर करून हिंडले ती तुझ्यामुळे. तुझे उपकार आहेत माझ्यावर. झालं. परत सांगायला लावू नकोस."

"नाही, मेमे," नोएल म्हणाला, आणि तिच्या डोक्याचं चुंबन घेतलं. तिने त्याला काठीने दूर लोटलं, पण जोरात नाही.

मग ती रेजिसकडे वळली.

"आता तू. तुला वाटतंय, आपण केवढ्या मोठ्या मनाचे, आलेला मान भावाला देऊन टाकतोय. डोंबलाचं मोठं मन! पत्राने तुला स्टेशनपर्यंत नेलं. तेवढं भावाचं. पुढे परक्या प्लॅटफॉर्मवर तुला कुणी ओळखत नव्हतं तेव्हा परतीच्या गाडीत बसला नाहीस, ते तुझं. एकेचाळीस वेळा देशाची ती निळी जर्सी घातलीस, ती स्वतःच्या मानेवर, दोन मणके झिजवून. भावाने तुला दिलं, गाव तुला देतंय, आणि तू दोघांना मागे ढकलतोयस. का? तर कुणाचं फुकट घ्यायचं म्हटलं की तुझं नाक वर जातं. मी ओळखते ते नाक, माझंच आहे ते. एक्याऐंशी वर्षं मिरवलं, आणि आत्ता तुझ्यादेखत कापून या पोत्यावर ठेवलं. मेले का मी? मैदानावर असशील तू कप्तान, पण दुसऱ्याने दिलेलं दोन्ही हातांनी घ्यायला तुला अजून येत नाही. आणि ज्याला घेता येत नाही तो ना भावाचा होतो ना गावाचा. चल, बाहेर जा, आणि घे."

रेजिसने एका हाताने मान सावरली, दुसऱ्याने नोएलची बाही धरली, आणि पहिली मूठ माती टाकायला, भावाला ओढतच, तो बाहेर निघाला.